पाणी आटल्यावर उरतं ते : नॉर्वेच्या तपकिरी चीजविषयी

शंभर लिटर दुधाचं चीज केलं, तर साधारण दहा किलो चीज हाती येतं आणि नव्वद लिटरच्या आसपास पाणी उरतं. श्रीखंडासाठी दही टांगल्यावर फडक्यातून थेंब थेंब गळतं, तसलंच हे पाणी : पातळ, किंचित हिरवट पिवळं. व्यायामशाळेत जाणाऱ्या मुलांमुळे त्याचं 'व्हे' हे नाव आता आपल्याकडेही घरोघरी पोचलं आहे. चीज करणाऱ्या प्रत्येक मुलखापुढे शेकडो वर्षं एकच प्रश्न उभा होता, की एवढ्या पाण्याचं करायचं काय. बहुतेकांनी ते डुकरांना आणि वासरांना पाजलं, नाहीतर ओढ्यात सोडून दिलं. इटलीत ते पुन्हा तापवून त्यातलं उरलंसुरलं प्रथिन वर आणलं गेलं आणि त्याचा रिकोटा झाला. नॉर्वेच्या डोंगरातल्या बायकांनी ते चुलीवर चढवलं आणि त्यातलं पाणी जाईपर्यंत उतरवलंच नाही.

त्या कढईतून जी तपकिरी वडी निघाली, ती ब्रुनोस्ट. या छोट्या पुस्तकाचा विषय तो आहे. नॉर्वेविषयी मराठीत जे काही लिहिलं गेलं, त्यात फ्योर्ड येतात, मध्यरात्रीचा सूर्य येतो, इब्सेन येतो, तेल आणि त्या तेलाच्या पैशाचा शहाणा विनियोग येतो. तिथला माणूस सकाळी पावावर काय ठेवून खातो, हे क्वचित येतं. मला मात्र त्या देशाची गोष्ट या वडीतून जितकी नीट सांगता येते, तितकी दुसऱ्या कशातूनही सांगता येत नाही, असं ठामपणे वाटतं. लागवडीखाली जेमतेम तीन टक्के जमीन असलेला, लांब हिवाळ्याचा, एके काळी गरीब असलेला हा मुलूख. त्याने काय जपलं, काय जाळलं आणि कुणाच्या कष्टावर तो उभा राहिला, ते सगळं या एका पदार्थात सापडतं.

आधी वस्तू कशी असते ते सांगतो. चौकोनी, विटेच्या आकाराचा ठोकळा, अंगाने गुळगुळीत, कापताना किंचित चिवट. रंग साताऱ्याच्या कंदी पेढ्याचा, आणि तो येण्याचं कारणही तेच : साखर आणि प्रथिन एकत्र तापत राहिली की त्यांच्यात जी रासायनिक क्रिया होते, ती. लुई-कामिय मायार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १९१२ मध्ये तिचं वर्णन केलं आणि तिला त्याचं नाव मिळालं. कढई ढवळणाऱ्या बायकांना तिचा परिणाम त्याच्या कितीतरी आधीपासून ठाऊक होता. चव पहिल्यांदा गोड लागते, मग खारट, आणि शेवटी जिभेच्या मागच्या बाजूला एक बारीक आंबूसपणा राहतो. शेळीच्या दुधाचं प्रमाण जितकं जास्त, तितका हा शेवटचा भाग तीव्र. पहिल्या घासाला गोंधळ होतो, कारण डोळ्यांना चीज दिसत असतं आणि जिभेला मिठाई लागत असते.

हे खरं चीज आहे की नाही, यावर युरोपात बराच शब्दच्छल झाला आहे. अन्नपदार्थांचे आंतरराष्ट्रीय निकष ठरवणाऱ्या 'कोडेक्स'ने व्हेपासून होणाऱ्या चीजसाठी वेगळा निकषच लिहून ठेवला आहे. त्यात दोन पद्धती दिल्या आहेत : व्हे आटवून साच्यात घालायचं, किंवा उष्णतेने त्यातलं प्रथिन साकळायचं. मला यातला महत्त्वाचा भाग वेगळा वाटतो. रिकोटा करताना प्रथिन घेतलं जातं आणि साखर पाण्याबरोबर वाहून जाते. ब्रुनोस्टमध्ये फक्त पाणी जातं. व्हेमध्ये पाच टक्क्यांच्या आसपास दुधातली साखर म्हणजे लॅक्टोज असतं, एक टक्क्याहून कमी प्रथिन असतं आणि थोडे क्षार असतात. हे सगळं वडीत उतरतं. ज्या मुलखात ऊस नाही, बीट नाही आणि विकतची साखर गरिबाला परवडत नाही, तिथे दुधातली साखर ओढ्यात न सोडण्याचा निर्णय किती मोठा होता, हे लक्षात घ्यायला हवं.

हा निर्णय जिथे रोज घेतला जायचा, त्या जागेला नॉर्वेत 'सेटर' म्हणतात. गावातली शेती खाली दरीत. तिथली थोडी सपाट जमीन धान्यासाठी आणि हिवाळ्याच्या गवतासाठी राखायची, म्हणून उन्हाळा लागला की गायी-शेळ्या डोंगरमाथ्याच्या कुरणांवर न्यायच्या. तिथे लाकडी झोपडी, गोठा, चूल. जूनच्या अखेरीस वर जायचं, सप्टेंबरच्या सुमारास खाली यायचं. जनावरांबरोबर जायच्या त्या बायका, पुष्कळदा अगदी तरण्या मुली. घरच्या, किंवा मोलाने ठेवलेल्या. त्यांना 'बुदाये' म्हणत. पुरुष खाली गवतकापणीत अडकलेले. म्हणजे वर्षातल्या दोन-अडीच महिन्यांच्या दुधाचं जे काही करायचं, ते या मुलींनी वर एकटीने किंवा दोघी-तिघींनी मिळून करायचं. पहाटे दूध काढायचं, जनावरं चरायला सोडायची, साय काढायची, लोणी घुसळायचं, उरलेल्या दुधाचं चीज लावायचं, भांडी घासायची, संध्याकाळी पुन्हा दूध काढायचं. आणि या सगळ्याच्या मध्ये दिवसभर एक मोठी लोखंडी कढई चुलीवर.

त्या कढईजवळ जरा थांबू. आजही काही सेटरांवर आणि शेतघरांत उन्हाळ्यात हे काम जुन्या रीतीने होतं. व्हे ओतल्यावर बराच वेळ काही घडतं आहे असं वाटत नाही. मग कडेने पांढरा फेस धरतो. हे व्हेतलं प्रथिन. काही ठिकाणी तो फेस झाऱ्याने काढून बाजूला ठेवतात आणि आटवण दाट झाली की परत तिच्यात मिसळतात, म्हणजे तळाला लागायचा धोका कमी होतो. दुपारपर्यंत कढईतली पातळी निम्म्याच्या खाली जाते, रंग मात्र अजून फिकाच. मग हळूहळू तो सायीचा, बदामी, मग मातकट होत जातो. उकळीचा आवाज बदलतो. आधी खळखळ असते, नंतर जड फदफद सुरू होते आणि मोठमोठे बुडबुडे फुटून अंगावर उडायला लागतात. इथून पुढे हात थांबवून चालत नाही. लाकडी उलथण्याने तळ खरवडत राहायचं. थोडं दुर्लक्ष झालं की खाली करपतं आणि आठ-दहा तासांचं काम कडू होतं. जाळ किती ठेवायचा, कढई नेमकी कधी उतरवायची, हे कुठल्याही पुस्तकात नव्हतं. उलथण्याला लागणारा जोर आणि वास, एवढ्यावर ठरायचं.

उतरवल्यावरही सुटका नाही. लॅक्टोज पाण्यात फारसं विरघळत नाही, त्यामुळे दाट आटवण तशीच थंड होऊ दिली तर साखरेचे मोठे खडे धरतात आणि वडी दाताखाली वाळूसारखी कचकचते. ती टाळण्यासाठी आटवण लाकडी काथवटीत ओतून थंड होईपर्यंत घोटत राहायचं. घोटल्याने खडे होतात, पण इतके बारीक की जिभेला कळत नाहीत. मग लाकडी साच्यात दाबून भरायचं. गुडब्रान्सडाल या दरीतल्या हेइडाल भागात या साच्यांच्या आतल्या बाजूला कोरीव नक्षी असे आणि ती वडीवर उमटे. एवढ्या दमणुकीनंतरही कुणीतरी नक्षीसाठी वेळ काढला, याचं मला मोठं अप्रूप आहे.

या कामाची एक किंमत डोंगरानेही मोजली. शंभर लिटर पाणी आटवायला लागणारं सरपण थोडंथोडकं नसतं. उन्हाळ्यामागून उन्हाळे हजारो सेटरांवर कढया पेटत राहिल्या आणि सेटरांच्या आसपासचं रान विरळ होत गेलं. चराई आणि लाकूडतोड मिळून कित्येक ठिकाणी डोंगरावरची झाडांची रेषाच खाली सरकली. ब्रुनोस्टकडे काहीच वाया न घालवणाऱ्या काटकसरीचं प्रतीक म्हणून पाहतात, ते दुधापुरतं खरं आहे. लाकडाचा हिशेब मांडला तर चित्र इतकं साधं राहत नाही, आणि तो हिशेब मांडल्याशिवाय हा विषय पुढे नेणं मला पटत नाही. एक प्रकरण त्यासाठीच राखून ठेवलं आहे.

आता आन्ने होव या बाईकडे येऊ. १८६३ च्या उन्हाळ्यात ती गुडब्रान्सडालमधल्या एका सेटरवर काम करत होती. वय सतराच्या आसपास. व्हे आटवून तपकिरी वडी करण्याची रीत तिच्या कितीतरी आधीपासूनची. नॉर्वेतच असं नाही, स्वीडनमध्ये आणि आइसलँडमध्येही त्याच्या सख्ख्या-चुलत भावंडांची परंपरा आहे. ती जुनी वडी मात्र रुक्ष असे. सगळी साय लोण्याला गेलेली, त्यामुळे व्हेमध्ये स्निग्धांश नावालाच. आन्नेने कढईत साय ओतली. वडी मऊ झाली, चवीला भरली, आणि तिला 'फाइटोस्ट', म्हणजे स्निग्ध चीज, म्हणू लागले.

वाचताना ही गोष्ट फार सोपी वाटते. साय म्हणजे लोणी आणि लोणी म्हणजे रोकड, असा त्या काळचा शेतीचा हिशेब होता. सेटरवरून खाली जाणाऱ्या मालात ज्याला बाजारात हमखास भाव होता, ते लोणीच. ती साय उरलेल्या पाण्यात ओतायची, म्हणजे हातातला नक्की पैसा एका प्रयोगात घालायचा. ही चव शोधण्याइतकीच व्यवहाराची हिंमत होती. तिने ती वडी स्थानिक व्यापाऱ्यामार्फत बाजारात आणली, तिला चांगला भाव आला आणि दरीतल्या इतर घरांनीही तीच रीत धरली.

पुढे दोन दशकांत तिचं मोल कळलं. १८८० च्या दशकात अमेरिका आणि रशियातलं स्वस्त धान्य आगबोटींनी युरोपात येऊन पडायला लागलं आणि धान्याचे भाव कोसळले. नॉर्वेतली डोंगराळ शेती त्या स्पर्धेत टिकणं शक्य नव्हतं. त्या वर्षांत हजारो माणसं अमेरिकेला निघून गेली. गुडब्रान्सडालही त्याला अपवाद नव्हता. जे राहिले, त्यांना धान्य सोडून दुधाकडे वळावं लागलं. दूध दूरच्या शहरात नेता येत नव्हतं, पण ही वडी नेता येत होती. पाणी कमी, साखर आणि स्निग्धांश भरपूर, त्यामुळे ती प्रवासात टिकायची. १८९४ मध्ये रेल्वे लिलेहामरला पोचली, दोनच वर्षांनी ओट्टापर्यंत, म्हणजे थेट दरीच्या आत. गुडब्रान्सडालचं चीज राजधानीच्या बाजारात त्या दरीच्याच नावाने ओळखलं जाऊ लागलं. दरीला संकटातून बाहेर काढलं ते या चीजने, असं तिथले लोक आजही म्हणतात, आणि मला त्यात अतिशयोक्ती दिसत नाही. १९३३ मध्ये, वयाच्या ८७व्या वर्षी, आन्ने होवला राजाकडून पदक मिळालं. सत्तर वर्षं उशिरा, पण मिळालं.

तिला 'ब्रुनोस्टची जननी' म्हणण्याची पद्धत आहे. मी या पुस्तकात तसं म्हणणं टाळलं आहे. तिचं श्रेय कमी करायचं म्हणून नव्हे. तिच्याआधी ज्यांनी शतकानुशतकं ती कढई ढवळली, त्यांची नावं कुठल्याच दप्तरात नाहीत, आणि एकीला जननी म्हटलं की बाकीच्या आपोआप पुसल्या जातात. एक नाव शिल्लक आहे, ते मात्र मोठ्या आदराने घ्यावं. दुसरंही एक आहे : १९२८ मध्ये सिन्नोवे फिंडेन या बाईंनी ओस्लोत चीजचा धंदा सुरू केला आणि त्यांच्या नावाचं ब्रुनोस्ट आज नॉर्वेच्या दुकानांत सहकारी संस्थेच्या मालाशेजारी विकलं जातं.

सहकाराचा उल्लेख आला, तर महाराष्ट्राच्या वाचकाला तो विषय सविस्तर हवा असणार. तो पुढे आहेच. इथे एवढंच, की नॉर्वेतली पहिली सहकारी डेअरी १८५६ मध्ये राउशोडाल इथे, तीही डोंगरावरच्या सेटरांमध्ये सुरू झाली, आणि आज बाजारावर ज्या 'टीने' संस्थेची छाया आहे ती दूध उत्पादक शेतकऱ्यांच्याच मालकीची आहे. कढई डोंगरावरून डेअरीत उतरली, तसे हातही बदलले. सेटरवर जे काम बायकांचं होतं, ते कारखान्यात आल्यावर हळूहळू पुरुषांचं झालं. पाणी आता निर्वात यंत्रात कमी तापमानाला काढतात, म्हणजे इंधन वाचतं. पण रंग आणि चव त्या यंत्रात येत नाही. त्यासाठी दाट झालेली आटवण शेवटी मोठ्या कढईत घालून ढवळत ढवळत तापवावीच लागते, मग थंड करताना घोटावीही लागते. दीडशे वर्षांत इंधन बदललं, धातू बदलला, क्रम बदललेला नाही.

दुकानात उभं राहिलं तर प्रकार बरेच दिसतात. लाल वेष्टनातलं गुडब्रान्सडालचं सर्वांत खपाचं. त्यात गायीच्या दुधाबरोबर शेळीचं दूध असतं, आणि त्याच्या नावापुढचा ३५ हा आकडा पाणी वगळून उरलेल्या ऐवजातला स्निग्धांशाचा टक्का सांगतो. केवळ गायीच्या दुधाचं आणि सायीचं सौम्य, फिकट चीज मुलांना आवडतं. आटवण लवकर थांबवली की पावावर फासता येईल असं मऊ 'प्रिम' होतं. आणि मग निव्वळ शेळीचं, गडद आणि उग्र.

या शेवटच्यासाठी पश्चिमेला सोग्नेफ्योर्डच्या बाजूला जायला हवं. त्याच्या एका फाट्यावर उन्द्रेडाल नावाचं चिमुकलं गाव आहे, कड्यांच्या कुशीत. १९८० च्या दशकाच्या अखेरीपर्यंत तिथे गाडीरस्ताही नव्हता. माणसांपेक्षा शेळ्या जास्त. तिथलं शेळीचं तपकिरी आणि पांढरं चीज इतकं नावाजलेलं आहे, की 'स्लो फूड' या आंतरराष्ट्रीय चळवळीने सोग्नेफ्योर्डच्या हाती बनवलेल्या शेळीच्या चीजला आपल्या संरक्षित पदार्थांमध्ये स्थान दिलं. कच्च्या दुधाचं चीज करण्याचा हक्क टिकवायला तिथल्या शेतकऱ्यांना नियमांशी बरंच झगडावं लागलं, आणि त्यांनी ते केलं म्हणून ती चव उरली.

शेळ्यांविषयी शास्त्रज्ञांनी शोधलेली एक गोष्ट मला या सगळ्या विषयातली सर्वांत थक्क करणारी वाटते. नॉर्वेच्या दुभत्या शेळ्यांमध्ये एक जनुकीय दोष फार मोठ्या प्रमाणावर आढळतो : दुधात केसिन या प्रथिनाचा एक प्रकार जवळजवळ तयारच होत नाही. पांढऱ्या चीजसाठी हा मोठाच तोटा, कारण दही घट्ट लागत नाही. फ्रान्समध्ये अशी शेळी कळपात फार काळ टिकली नसती. नॉर्वेत शेळीचं दूध मुख्यतः आटवलं जात होतं. आटवायच्या दुधात केसिन थोडं कमी असलं तर कुणाच्या लक्षातही येत नाही. त्यामुळे तो दोष पिढ्यान्‌पिढ्या कळपात राहिला आणि वाढला. त्याच शेळ्यांच्या दुधाला तो उग्र वासही जास्त असतो. पांढऱ्या शेळी-चीजची मागणी वाढल्यावर अलीकडे निवड करून हे प्रमाण कमी केलं जातं आहे. माणसाच्या जेवणाने जनावराच्या रक्तापर्यंत जाऊन बदल करावा, याचं इतकं स्वच्छ उदाहरण क्वचित मिळतं.

ब्रुनोस्ट सुरीने कापत नाहीत. त्याच्यासाठी एक खास हत्यार आहे : पसरट पात्याला मध्ये आडवी फट असलेला चीज-रंधा. लिलेहामरच्या थोर ब्यॉर्कलुंड या सुताराने १९२५ मध्ये त्याचं पेटंट घेतलं. पाव आणि चीज जाड कापलं जातं याचा त्याला राग होता, आणि सुताराच्या हाताशी पातळ कापायचं साधन असतंच. लाकडाच्या रंध्यावरून त्याने हा रंधा बनवला. चिवट ब्रुनोस्टवरून तो ओढला की कागदासारखी पातळ, कडेने वळणारी चकती निघते. ही चव पातळ चकतीतच खुलते, जाड तुकडा घशाशी बसतो. रंधा सगळे मधूनच ओढतात, त्यामुळे ठोकळा मध्ये खचत जातो आणि स्कीच्या उतारासारखा दिसायला लागतो. घरोघरी यावरून मुलांना ओरडा बसतो : कडेकडेने काप, सारखं काप. पहिली बर्फातली सहल आठवावी तितक्या जिव्हाळ्याने नॉर्वेची माणसं हा ओरडा आठवतात.

त्यांच्या जेवणात ब्रुनोस्टची जागा कुठली, हे नीट समजून घेण्यासारखं आहे. सणाच्या ताटात त्याला मानाचं स्थान नाही. ते रोजचं आहे. सकाळी पावावर. दुपारी शाळेत किंवा कचेरीत डब्यातून नेलेल्या 'मातपाक्के'मध्ये, म्हणजे पावाच्या उघड्या चकत्या, त्यांच्यावर काहीतरी पसरलेलं आणि दोन चकत्यांमध्ये कागद. मंत्र्यांपासून सुतारापर्यंत हा थंड डबा सगळ्यांचा सारखाच. रविवारी हृदयाच्या आकाराच्या पाकळ्यांचे मऊ वाफल होतात, त्यांच्यावर जॅम आणि ब्रुनोस्टची चकती. गरम वाफलवर ती जरा घाम सोडते आणि कडा वितळायला लागतात. डोंगरातल्या लाकडी घरी सुट्टीला जाताना पिशवीत ते आधी भरलं जातं. परदेशी शिकायला गेलेल्या मुलांना घरून पाठवायच्या सामानातही तेच.

स्वयंपाकात त्याचा उपयोग होतो, हे बाहेरच्यांना फारसं ठाऊक नसतं. मांसाच्या गोळ्यांच्या तपकिरी रश्शात एखादा तुकडा विरघळवला की रस्सा दाट होतो, रंग खुलतो आणि गोडसर खोली येते. रेनडिअरच्या किंवा हरणाच्या मांसाच्या रश्शात आंबट साय, जुनिपरची फळं आणि ब्रुनोस्ट हे तिन्ही एकत्र येतात. रानटी मांसाचा उग्रपणा त्या गोडीने आवरला जातो. हे सगळं मांसाहारी आहे, पण तत्त्व कुठल्याही रश्शाला लागू पडतं, आणि पाककृतींच्या प्रकरणात भोपळ्याचं आणि अळिंबीचं सार दिलं आहे.

या वडीत किती ऊर्जा कोंडलेली असते, त्याचा दाखला २०१३ च्या जानेवारीत मिळाला. उत्तर नॉर्वेत टिसफ्योर्डजवळच्या ब्रात्ली बोगद्यात एका मालट्रकला आग लागली. आत सत्तावीस टन ब्रुनोस्ट होतं. चालक वेळीच बाहेर पडला, कुणाला इजा झाली नाही, पण आग काही दिवस धुमसत राहिली आणि विषारी वायूंमुळे अग्निशमन दलाला आत शिरता येईना. बोगद्याचं मोठं नुकसान झालं. साखर आणि चरबी एकत्र पेटली की काय होतं, ते जगभरच्या वर्तमानपत्रांत छापून आलं. डोंगरात हिवाळा काढणाऱ्या शेतकऱ्याला या वडीतून हीच ऊर्जा हवी होती. आज कचेरीत बसणाऱ्या माणसाला तिची तितकी गरज नाही, म्हणून कमी स्निग्धांशाचे प्रकार निघाले. पिवळ्या चीजनेही ब्रुनोस्टला खपात केव्हाच मागे टाकलं आहे.

दुसऱ्या टोकाला, ज्यांचा या परंपरेशी सुतराम संबंध नाही अशा लोकांनी त्याला नव्याने जवळ केलं. २०२० च्या आगेमागे दक्षिण कोरियात कॅफेमधल्या गोड वाफलवर ब्रुनोस्टचा बारीक कीस पेरण्याची लाट आली आणि तिथली निर्यात एकदम वाढली. आणि डिसेंबर २०२४ मध्ये युनेस्कोने नॉर्वे आणि स्वीडनच्या उन्हाळी डोंगर-शेतीची परंपरा मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतली. एके काळी हजारोंनी असलेली सेटरं आज काही शेकड्यांवर आली आहेत. तिथल्या बायकांच्या हातातलं ज्ञान कागदावर, चित्रफितीत आणि मुख्य म्हणजे शिकाऊ हातांत उतरायला हा मान उपयोगी पडेल, अशी माझी मनापासून आशा आहे.

मराठी वाचकासाठी तीन व्यवहाराच्या गोष्टी. शाकाहारी मंडळींनी खरेदीआधी चौकशी करावी : ब्रुनोस्टमध्ये रेनेट, म्हणजे दूध साकळवणारं विकर, घालत नाहीत, पण ज्या चीजचं व्हे त्याला वापरतात, ते चीज रेनेटनेच लावलेलं असतं, आणि रेनेट वासराच्या जठरातलं आहे की बुरशीपासून केलेलं, हे उत्पादकागणिक बदलतं. ज्यांना दूध पचत नाही, त्यांनी जपून. मुरवलेल्या पिवळ्या चीजमध्ये लॅक्टोज जवळपास उरतच नाही, म्हणून ते पुष्कळांना चालतं. ब्रुनोस्टच्या वजनाचा तिसऱ्या हिश्श्याहून अधिक भाग मात्र लॅक्टोजच असतो. तिसरी गोष्ट घरी करून पाहणाऱ्यांसाठी. लिंबू पिळून केलेल्या पनीरचं पाणी आटवलं तर वडी आंबट होते, कारण पाण्याबरोबर आम्लही दाट होत जातं. रेनेटने लावलेल्या दुधाचं गोडं व्हे घ्या, त्यात दूध आणि साय घाला, जाड बुडाचं भांडं वापरा, आणि शेवटचा तास भांड्याजवळून हलू नका.

प्रकरणं कुठल्याही क्रमाने वाचली तरी चालतील. फक्त पहिल्यांदा चव घ्याल तेव्हा जाड तुकडा तोडू नका. पाव भाजा, त्याला लोणी लावा, वर ब्रुनोस्टची शक्य तितकी पातळ चकती ठेवा आणि बरोबर साखर न घातलेली कॉफी घ्या. पहिल्या घासाला आवडलं नाही, तर दुसऱ्या दिवशी पुन्हा खाऊन पाहा आणि मगच मत ठरवा.